‘टिळक’ : आडनावाचे नाव होताना

प्रास्ताविक

बाळाचे नाव निवडण्यासाठी पालकांच्या हाती जे नामसंग्रह असतात, त्यांची मांडणी बहुधा ठरलेली असते. डावीकडे नाव, मध्ये अर्थ, उजवीकडे रास. ‘तिलक’ किंवा ‘टिळक’ हे नाव अशा संग्रहात आले, की त्यासमोर ‘कपाळावरील शुभचिन्ह’ किंवा ‘भूषण, श्रेष्ठ’ असा अर्थ दिलेला आढळतो. कोशाच्या दृष्टीने तो बिनचूक आहे. परंतु रत्नागिरीत राहणाऱ्या वाचकाला ही नोंद अपुरी वाटते. या शहरात ‘टिळक’ हा शब्द ऐकल्यावर कोणाच्याही डोळ्यांसमोर कपाळ येत नाही. एक आळी येते, एक घर येते आणि २३ जुलै १८५६ ही तारीख येते.

आडनाव जेव्हा लहान मुलाचे नाव होते, तेव्हा त्याचा अर्थ कोणता मानावयाचा? शब्दाचा, घराण्याचा, की ज्या एका माणसामुळे ते आडनाव इतरांच्या घरापर्यंत पोहोचले त्या माणसाचा? प्रस्तुत लेखात ‘टिळक’ या आडनावाच्या निमित्ताने या प्रश्नाचा विचार केला असून, तुलनेसाठी याच जिल्ह्याच्या मातीतले दुसरे आडनाव, ‘आंबेडकर’, घेतले आहे. नामसंग्रहांतील अर्थाचा रकाना हा या लेखाच्या टीकेचा विषय आहे. या रकान्याकडे अभ्यासक सहसा फिरकत नाहीत. मात्र नावाविषयी सर्वसामान्य माणूस आयुष्यात जे काही वाचतो, ते बहुधा तेवढेच असते.

शब्दाची वाट

संस्कृत ‘तिल’ म्हणजे तीळ. त्यापासून ‘तिलक’. अंगावरील तिळाएवढा डाग, कपाळावर रेखलेली खूण, फुलांनी बहरणारा एक वृक्ष आणि समासाच्या अंती आल्यास ‘श्रेष्ठ’ असे त्याचे अर्थ कोशांत मिळतात. ‘रघुकुलतिलक’ या शब्दात हा शेवटचा अर्थ आहे.

मराठीत येताना या शब्दाचे काय झाले, हे पाहण्यासारखे आहे. स्वरांमधला एकटा ‘ल’ मराठीत ‘ळ’ होतो, हा सर्वपरिचित नियम आहे : फल-फळ, काल-काळ, तिल-तीळ. स्वरांमधला ‘क’ प्राकृतात गळून पडतो. या दोन्ही नियमांनी, आणि आरंभीच्या ‘त’चा ‘ट’ होऊन, ‘तिलक’चा ‘टिळा’ झाला. वारकऱ्याच्या कपाळी असतो तो गोपीचंदनाचा टिळाच. मग ‘टिळक’ हे रूप कोठे बसते? त्यात ‘ट’ आणि ‘ळ’ लोकांच्या तोंडचे आहेत, पण शेवटचा ‘क’ संस्कृताने राखलेला आहे. म्हणजे हा शब्द अर्धा घरचा आणि अर्धा पाठशाळेतला. कोकणातल्या ज्या वर्गाने तो आडनाव म्हणून बाळगला, त्या वर्गाचे भाषिक जीवनही असेच दुपेडी होते : घरात कोकणी वळणाची मराठी आणि पोथीत संस्कृत. या एका आडनावाच्या तीन अक्षरांत ते दिसते, असे म्हटल्यास फारशी अतिशयोक्ती होणार नाही.

हिंदीत ‘ळ’ नाही. तेथे लोकमान्यही ‘तिलक’ होतात. तेलुगूची गोष्ट अधिक लक्षणीय आहे. तेलुगूत ‘ट’ आहे, ‘ळ’ही आहे. ‘टिळक’ हे जसेच्या तसे लिहिण्यास तेलुगू लिपीची कोणतीही अडचण नव्हती. तरीही तेलुगूत ते ‘तिलक्’ असेच लिहिले जाते. हे नाव मराठी माणसाच्या तोंडून ऐकून तेथे गेलेले नसावे, असा तर्क यावरून करता येतो. ते इंग्रजी वर्तमानपत्रांतून गेले असेल, कारण इंग्रजी लेखनात ‘त’ आणि ‘ट’, ‘ल’ आणि ‘ळ’ यांचा भेद उरत नाही. किंवा ते संस्कृताच्या आधारे सुधारून घेतले गेले असेल. तमिळमध्ये आदरार्थी प्रत्यय लागून ते ‘तिलकर्’ झाले आणि उच्चारात ‘तिलगर’. आडनाव प्रांताबाहेर पडले आणि पडताक्षणी पुन्हा सामान्यनाम झाले.

या भेदाची एक गंमत ज्योतिषाच्या रकान्यात दिसते. अवकहडा चक्राप्रमाणे ‘टि’ हे अक्षर पूर्वा फाल्गुनीचे, म्हणून सिंह राशीचे. ‘ति’ हे विशाखेचे, म्हणून तूळ राशीचे. तेव्हा एकच मूल मराठीत सिंहेचे आणि हिंदीत तुळेचे! नामसंग्रह राशीबाबत एवढा काटेकोर असतो, मात्र हा फरक कोठून आला याची तो दखल घेत नाही.

‘तिलक’ हे व्यक्तिनाम लोकमान्यांमुळेच आले, असेही समजण्याचे कारण नाही. अकराव्या शतकात गझनीच्या मसूदच्या पदरी तिलक नावाचा एक हिंदू सेनानी होता. बैहकीच्या फार्सी इतिहासात त्याची हकीकत येते. तो न्हाव्याचा मुलगा होता, असे तेथे म्हटले आहे. पंजाबात ‘तिलकराज’ हे नाव रूढ आहे. म्हणजे विसाव्या शतकात दोन प्रवाह एकत्र आले : एक जुने, शब्दार्थावरून ठेवलेले व्यक्तिनाम, दुसरे कोकणातले आडनाव. पाण्यात पाणी मिसळावे तसे ते मिसळले. आज एखाद्या ‘तिलक’ नावाच्या तरुणाकडे पाहून यांपैकी कोणता प्रवाह त्याच्यापर्यंत आला, हे नुसत्या नावावरून सांगता येत नाही.

आडनावाला शब्दार्थ लागू पडतो का?

येथे एका मूलभूत गैरसमजाकडे वळावे लागते. आडनावाचा शब्दार्थ कळला म्हणजे आडनावाचा अर्थ कळला, असे आपण मानतो. टिळक आडनावाचे दुसरे थोर धारक रेव्हरंड नारायण वामन टिळक यांचे उदाहरण हा समज तपासण्यास पुरेसे आहे. त्यांचा जन्मही रत्नागिरी जिल्ह्यातलाच, करजगावचा, १८६१ मधला. १८९५ मध्ये त्यांनी ख्रिस्ती धर्माची दीक्षा घेतली. धर्मांतरानंतर नाव बदलण्याची प्रथा अनेक ठिकाणी होती. टिळकांनी नारायण हे विष्णूचे नाव ठेवले, वामन हे वडिलांचे नाव ठेवले आणि टिळक हे आडनावही ठेवले. कपाळावरच्या टिळ्याशी ज्यांचा धार्मिक संबंध संपला होता, ते आयुष्यभर टिळक राहिले; ‘अभंगांजली’वर आणि ‘ख्रिस्तायना’वर हेच आडनाव आहे. शब्दार्थ महत्त्वाचा असता, तर हे आडनाव सर्वांत आधी गळून पडले असते. ते पडले नाही, कारण आडनाव हे अर्थासाठी नसतेच. ते कोणाचा कोण, एवढे सांगते.

त्याच घरातली दुसरी बाजूही नोंदवावी लागेल. ‘स्मृतिचित्रे’च्या लेखिका माहेरच्या मनकर्णिका गोखले. विवाहानंतर त्या लक्ष्मीबाई टिळक झाल्या. म्हणजे धर्म बदलला तरी पतीचे नाव आणि आडनाव टिकले. धर्म बदलण्याच्या कितीतरी आधी पत्नीची दोन्ही बदललेली होती. आडनावाच्या चिवटपणाविषयी लिहिताना हा चिवटपणा पुरुषांपुरता होता, हे विसरून चालत नाही. आणि तरीही मराठी वाचकाला ‘टिळक’ हे आडनाव गद्यात ज्यांनी सर्वांत जिवंत करून दिले, त्या टिळकांच्या घरात जन्मलेल्या नव्हत्या.

‘बाळ’ आणि ‘गंगाधर’

लोकमान्यांच्या नावाचे तीन भाग मराठी माणसाला इतके सवयीचे आहेत, की त्यांची घडण लक्षात येत नाही. त्यांचे पाळण्यातले नाव केशव, घराण्यातल्या पूर्वजाचे. ‘बाळ’ हे घरात हाक मारण्याचे नाव. आपल्याकडे वडीलधाऱ्यांचे नाव मुलाला ठेवले, की घरातल्या सुना ते नाव उच्चारीत नसत; मग मुलाला बाळ, अण्णा, नाना असे दुसरे काहीतरी म्हटले जाई. ही चाल सर्वत्र होती. पाळण्यातले नाव मागे राहिले आणि हाकेचे नाव इतिहासात गेले. ‘बाळ’ हे कोकणातले एक आडनावही आहे, ही गोष्ट या संदर्भात मुद्दाम सांगण्याजोगी : एकच शब्द कोणा घरी मुलाची हाक, कोणा घरी कुळाची ओळख.

मधले नाव वडिलांचे. गंगाधर रामचंद्र टिळक हे रत्नागिरीत शिक्षक होते. संस्कृत आणि गणित हे त्यांचे विषय. पुढे शिक्षण खात्यात बढती मिळून १८६६ मध्ये ते कुटुंबासह पुण्यास गेले आणि १८७२ मध्ये वारले. घराणे मूळचे दापोली तालुक्यातील चिखलगावचे. एवढे सगळे ‘बाळ गंगाधर टिळक’ या नावात आहे : आईच्या तोंडची हाक, शिक्षक असलेले वडील आणि चिखलगावचे घराणे.

गोदावरीच्या काठी

आता हेच नाव तेलुगू प्रदेशात काय झाले, ते पाहू. तेलुगूत घराण्याचे नाव, ज्याला ‘इंटिपेरु’ म्हणतात, ते आधी येते आणि व्यक्तीचे नाव नंतर. प्रसिद्ध तेलुगू कवी देवरकोंड बालगंगाधर तिलक यांच्या नावात ‘देवरकोंड’ हे घराणे आहे आणि ‘बालगंगाधर तिलक’ हे सगळे मिळून त्यांचे स्वतःचे नाव. चित्रपट-दिग्दर्शक के. बी. तिलक यांचेही तसेच : कोल्लिपर हे घराणे, बालगंगाधर तिलक हे नाव. ज्याला मराठीत तीन माणसांचे, तीन पिढ्यांचे नाव म्हणावे, ते तेथे एका मुलाचे एक नाव झाले. त्या नावाबरोबर रत्नागिरीचे गंगाधरपंत मास्तरही गोदावरीकाठी पोहोचले, आणि तेथे कोणाच्या ते ध्यानातही आले नसावे.

ध्यानात येण्याचे कारणही नव्हते. तेलुगू कानाला ‘बाळ’ ऐकू आलेच नाही. ऐकू आले ते ‘बाल’. बालकृष्ण, बालसुब्रह्मण्य ही नावे तेथे घरोघरी आहेत. त्याच चालीवर ‘बालगंगाधर’ म्हणजे बालरूपातील गंगाधर, शंकर. दापोली तालुक्यातल्या घरची हाक अशा रीतीने देवाचे विशेषण झाली आणि एका शिक्षकाचे नाव प्रत्यक्ष देवाचे झाले. परभाषेने केलेला हा अर्थ चुकीचा आहे, असे मला म्हणवत नाही. नाव स्वीकारणाऱ्याने ते आपल्या व्याकरणात बसवून घेतले, इतकेच.

हे नाव तेथे केव्हा व का गेले, याचा माग काढण्यासाठी तारखा उपयोगी पडतात. लोकमान्य १ ऑगस्ट १९२० रोजी मुंबईत निवर्तले. असहकाराच्या चळवळीचा आरंभही त्याच दिवशी झाला. पुढल्या वर्षी ३१ मार्च व १ एप्रिल १९२१ रोजी अखिल भारतीय काँग्रेस समितीची बैठक बेझवाड्याला, म्हणजे आजच्या विजयवाड्याला भरली. टिळक स्वराज्य फंडासाठी ३० जूनपर्यंत एक कोट रुपये जमवावेत, काँग्रेसचे एक कोट सभासद करावेत आणि वीस लाख चरखे सुरू करावेत, असे तेथे ठरले. आंध्र प्रदेशातल्या गावोगावी ‘तिलक’ हे नाव त्या उन्हाळ्यात वर्गणीच्या निमित्ताने पोहोचले असणार. देवरकोंड बालगंगाधर तिलक यांचा जन्म आजच्या पश्चिम गोदावरी जिल्ह्यातल्या मंडपाक या गावी १ ऑगस्ट १९२१ रोजी झाला : लोकमान्यांच्या पहिल्या पुण्यतिथीला. बेझवाड्याच्या बैठकीला तेव्हा अवघे चार महिने झाले होते. के. बी. तिलक जन्मले १९२६ मध्ये, त्याच पट्ट्यात.

या नावांचा अर्थ कोशात शोधणाऱ्याला ‘शुभचिन्ह’ मिळेल. त्या आईबापांनी मुलाला शुभचिन्ह म्हटले नव्हते. एका मृत नेत्याचे नाव त्यांनी आपल्या घरात जिवंत ठेवले होते, आणि १९२१ च्या परिस्थितीत हे काही अगदी निरुपद्रवी कृत्य नव्हते. ज्याला सरकारने राजद्रोहाखाली मंडालेला धाडले होते, त्याचे संपूर्ण नाव मुलाच्या नावे शाळेच्या हजेरीपटात लिहिले जाणार होते. नाव ठेवणे हेच येथे मतप्रदर्शन होते. नामसंग्रहातील अर्थाचा रकाना ज्याला स्पर्श करीत नाही, तो नावाचा अर्थ हा.

पुढे या कवीने ‘अमृतम् कुरिसिन रात्रि’ लिहून तेलुगू कवितेत स्वतःचे स्थान निर्माण केले. त्या संग्रहाला मरणोत्तर साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. तेलुगू वाङ्मयाच्या अभ्यासकाला आज ‘तिलक’ म्हटले की हा कवी आठवतो. उसने घेतलेले नाव दुसऱ्या पिढीत स्वकष्टार्जित झाले, असे याला म्हणावे लागेल.

आणि त्यानंतरची पायरी? संपूर्ण नावातून शेवटचा भाग सुटा होतो. २००२ मध्ये हैदराबादेत जन्मलेल्या क्रिकेटपटूचे नाव तिलक वर्मा आहे. तेथे ‘बालगंगाधर’ नाही. त्याच्या पालकांच्या मनात लोकमान्य होते, तेलुगू कवी होता, की निव्वळ एक मंगल शब्द, याचा निवाडा नाव करू शकत नाही. सुटा झालेला ‘तिलक’ पुन्हा कोशात जाऊन बसला आहे.

मराठी घरातली अडचण

महाराष्ट्रात मात्र मुलाचे नाव ‘टिळक’ ठेवलेले सहसा आढळत नाही. ज्या प्रांतात लोकमान्यांची सर्वाधिक भक्ती झाली, त्याच प्रांतात हे घडू नये, यात विसंगती वाटेल. परंतु कारण भक्तीत नाही, नावाच्या बांधणीत आहे. आपल्याकडे स्वतःचे, वडिलांचे व कुळाचे अशी तीन नावांची पद्धत दृढ आहे. ‘टिळक’ तिसऱ्या जागी बसण्याची कानाला सवय आहे. पहिल्या जागी ते आले, तर ऐकणाऱ्याला आधी लेखनिकाची चूक वाटते. समजा, एखाद्या मुलाचे नाव ‘टिळक’ ठेवले आणि त्याचे आडनाव कदम, शेट्ये किंवा कांबळे असले, तर वर्गात हजेरी घेणारा शिक्षक क्षणभर थांबेल. त्या थांबण्यात नावाच्या विचित्रपणापेक्षा अधिक काही असते. आपल्या समाजात आडनाव हे पहिल्याच भेटीत जात सांगते, किंवा निदान तसा अंदाज बांधू देते. ‘टिळक’ आणि ‘कांबळे’ एका नावात आले, की हा अंदाज बांधण्याची यंत्रणा अडखळते. तेलुगू गावात ही अडचण नव्हती. तेथे ‘तिलक’ हे कोणाचेच कूळ नव्हते, म्हणून ते कोणाच्याही मुलाचे होऊ शकले. प्रांताची सीमा ओलांडताना आडनावावरून जात उतरली. सीमेच्या आत ती उतरत नाही.

म्हणून मराठी माणसाने आदराचे दुसरे मार्ग काढले. आडनावे रस्त्यांना, आळ्यांना, शाळांना, वाचनालयांना दिली : रत्नागिरीत टिळक आळी, पुण्यात टिळक रस्ता, टिळक स्मारक मंदिर. मुलांना मात्र व्यक्तिनामे दिली. सुभाषबाबूंचे ‘सुभाष’ आपल्याकडे घरोघर झाले, ‘बोस’ झाले नाही. ही सवय राजकारणापुरती नाही. कवी आणि प्राध्यापक रमेश तेंडुलकर यांनी संगीतकार सचिनदेव बर्मन यांच्यावरून मुलाचे नाव ठेवले, ते ‘सचिन’, ‘बर्मन’ नव्हे. सुनील गावसकर यांनी वेस्ट इंडीजच्या रोहन कन्हाय यांच्यावरून मुलाचे नाव ‘रोहन’ ठेवले. ‘कन्हाय’ हा शब्द मराठी कानाला ‘कन्हैया’च्या इतका जवळचा असूनही तो घेतला नाही. याच मुलाच्या दुसऱ्या नावात, ‘जयविश्व’ मध्ये, जयसिंहा आणि विश्वनाथ हे दोन क्रिकेटपटू आहेत, आणि ती दोन्ही त्यांची व्यक्तिनामेच आहेत. तेंडुलकर व गावसकर ही दोन्ही घराणी गावावरून आडनाव घेणारी. आडनाव म्हणजे गाव आणि कूळ, ते दुसऱ्याचे घेऊ नये, ही जाणीव त्यांच्या निवडीत न सांगता आलेली आहे.

शावियर : तुलनेसाठी एक नोंद

आडनाव पूर्णपणे नाव झाल्याचे जुने उदाहरण आपल्या शेजारी, गोव्यात आहे. नव्हार प्रांतातील हाविएर येथील गढीत १५०६ मध्ये फ्रान्सिस जन्मले. हे गढीचे नाव बास्क भाषेतील ‘नवे घर’ अशा अर्थाच्या शब्दांवरून आलेले. गढी आईकडची होती; वडिलांचे कुलनाम हास्सो होते. ६ मे १५४२ रोजी फ्रान्सिस शावियर गोव्याला पोहोचले, १५५२ मध्ये चीनच्या किनाऱ्याजवळील बेटावर वारले, १६२२ मध्ये संत घोषित झाले. त्यानंतर ‘फ्रान्सिस्को शावियर’ हे जोडनाव बाप्तिस्म्याचे नाव झाले आणि कालांतराने ‘शावियर’, मुंबईत ‘झेवियर’, हे सुटे नाव झाले. ‘बालगंगाधर तिलक’पासून ‘तिलक’पर्यंतचा प्रवास हाच आहे. परंतु एक फरक आहे. ‘शावियर’ सुटे झाले तरी कोशात जाऊन बसले नाही. गोव्यातल्या घरात बास्क कोणी बोलत नाही, ‘नवे घर’ हा अर्थ कोणाच्या मनात येत नाही. म्हणून त्या नावातून संतच तेवढा आठवतो. नावाला आश्रय देणारा शब्दार्थ नसला, की ते माणसालाच धरून राहते.

आंबडव्याचे आडनाव

हेच ‘आंबेडकर’ या नावाच्या बाबतीत अधिक स्पष्ट दिसते. घराण्याचे मूळ आडनाव सकपाळ. मूळ गाव आंबडवे, तालुका मंडणगड, जिल्हा रत्नागिरी. रामजी सकपाळ यांनी मुलाचे नाव शाळेत घालताना गावावरून आडनाव लावले. ७ नोव्हेंबर १९०० रोजी साताऱ्याच्या सरकारी शाळेत दाखल झालेल्या मुलाची नोंद भिवा रामजी आंबडवेकर अशी झाली. महाराष्ट्रात २०१७ पासून हा दिवस विद्यार्थी दिवस म्हणून पाळला जातो. ‘आंबडवेकर’चे ‘आंबेडकर’ शाळेतच झाले. त्याच आडनावाच्या एका शिक्षकांशी हा बदल जोडला जातो. त्या हकिकतीच्या तपशिलाबद्दल अभ्यासकांत मतभेद आहेत, पण त्यात शिरण्याचे येथे कारण नाही. गावाच्या नावाला ‘कर’ लावून झालेले आडनाव कोकणात कोणत्याही जातीत सापडते. तेव्हा हजेरीपटात ‘सकपाळ’च्या जागी गावाचे नाव येणे याला स्वतःचा एक अर्थ होता, आणि तो व्याकरणाचा नव्हता.

केवळ शब्दावर विसंबणारा येथे हमखास फसतो. ‘आंबेडकर’ हे रूप पाहून तो मूळ गाव ‘आंबेड’ सांगेल. आंबेड नावाची गावे कोकणात आहेतही. परंतु बाबासाहेबांचे गाव ते नव्हे. व्युत्पत्ती निर्दोष आणि निष्कर्ष चूक, याचे हे चांगले उदाहरण वर्गात देता येईल.

बाबासाहेबांच्या अनुयायांनी महाराष्ट्रात मुलांची नावे भीमराव, भीमा, रमा, यशवंत अशी ठेवली. म्हणजे येथेही मराठी रीत पाळली गेली : व्यक्तिनाम घेतले, आडनाव नाही. तमिळनाडूत, जेथे आडनावाची प्रथाच जवळजवळ नाही, तेथे ‘आंबेडकर’ हेच मुलाचे नाव होऊ शकले. तमिळ लेखनात ते ‘अंबेत्कर’ होते. त्यापुढे एक विलक्षण गोष्ट घडली. शेवटचा ‘कर’ सुटला आणि ‘अंबेत’ एवढे उरले. वंदवासी या राखीव मतदारसंघातून २०२१ मध्ये तमिळनाडू विधानसभेवर निवडून आलेल्या आमदारांचे नाव अंबेत कुमार आहे. उत्तर प्रदेशातून राज्यसभेवर गेलेले बहुजन समाज पक्षाचे नेते अंबेत राजन हेही मूळचे तमिळ. ‘कर’ म्हणजे ‘त्या गावचा रहिवासी’. तो प्रत्यय गळाला, त्याजागी ‘कुमार’, ‘राजन’ आले. मराठी व्याकरणाच्या दृष्टीने ‘अंबेत’ला काहीच अर्थ उरलेला नाही. ना गाव, ना कूळ, ना कोशातला शब्द. आणि तरीही हे नाव ऐकल्यावर ते कोणावरून ठेवले, याबद्दल तमिळनाडूत कोणालाही शंका येणार नाही. ‘तिलक’च्या बाबतीत याच्या नेमके उलट घडले आहे. तेथे शब्दार्थ ठळक आहे, मंगल आहे, सर्वांना माहीत आहे, आणि म्हणूनच माणूस त्याच्याआड गेला आहे.

नामसंग्रहाच्या संपादकांपुढे ‘अंबेत’ आले, तर अर्थाच्या रकान्यात ते काय लिहितील, हे पाहण्याची मला उत्सुकता आहे. रकाना कोरा ठेवला, तर नाव निरर्थक ठरेल. कोशाकडे गेले, तर हाती काही लागणार नाही. खरे उत्तर रकान्यात मावण्याजोगे नाही : मंडणगड तालुक्यातले एक गाव, लष्करातून निवृत्त झालेले एक सुभेदार, साताऱ्याच्या शाळेचा दाखला, आणि मग तो मुलगा. ‘टिळक’ या नोंदीसमोरही हीच लांबी लागते. तेथे ‘कपाळावरील शुभचिन्ह’ एवढ्यावर भागते, याचे कारण तो शब्द योगायोगाने कोशात आहे, इतकेच.